स्लाय स्टोनचा 'रायट' आणि 'समीक्षकांना कळलाच नाही' ही दंतकथा

मंद्र

स्लाय अँड द फॅमिली स्टोन या फंक बँडच्या 'देअर्स अ रायट गोइन ऑन'बद्दल काहीही वाचायला घ्या, कथा ठरलेली. सॅन फ्रान्सिस्कोकडचा हसता-नाचता बँड, गोरे-काळे, बाया-बाप्ये एकाच मंचावर, १९६९ चा वुडस्टॉक संगीतमहोत्सव गाजवलेला. मग म्होरक्या स्लाय स्टोन कोकेनच्या नादाला लागतो, लॉस एंजेलिसच्या बेल एअर भागातल्या बंगल्यात स्वतःला कोंडून घेतो आणि नोव्हेंबर १९७१ मध्ये एक गढूळ, पेंगुळलेला अल्बम बाहेर पडतो. समीक्षक नाकं मुरडतात. पुढे काळ न्याय देतो. टाळ्या.

जून २०२५ मध्ये स्लाय वयाच्या ८२ व्या वर्षी गेला, तेव्हा हीच कथा पुन्हा सगळीकडे फिरली. माझी तक्रार तिच्या शेवटच्या दोन वाक्यांबद्दल आहे.

न्याय द्यायला काळाची वाट बघावी लागलीच नाही. अल्बम आला आणि वर्ष सरायच्या आत बिलबोर्डच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेला, सोल संगीताच्या यादीतही. त्यातलं 'फॅमिली अफेअर' डिसेंबरात सलग तीन आठवडे अमेरिकेतलं पहिल्या क्रमांकाचं गाणं होतं. म्हणजे लोकांनी तो हातोहात उचलला.

आता समीक्षक. रोलिंग स्टोन या संगीतविषयक नियतकालिकात विन्स अलेटीने परीक्षण लिहिलं. त्यात तो आधी सरळ सांगतो की हे ऐकून आपण वैतागलो; ऊर्जा नाही, धार नाही, गाणी रेंगाळतात. पण त्याच परीक्षणात पुढे तो वळतो. रस्त्यावर नाचायचं संगीत हे नव्हेच, हे मोडून पडण्याचं संगीत आहे, असं त्याच्या ध्यानात येतं आणि मग त्याला त्या सुस्तीतच अल्बमचा प्रामाणिकपणा दिसतो. नापसंतीकडून पसंतीकडे जाणारा रस्ता त्याने वाचकासमोर चालून दाखवलाय. हल्ली लोक त्या परीक्षणाचा पूर्वार्ध तेवढा उचलतात आणि 'बघा, नाकारला होता' म्हणतात.

रॉबर्ट ख्रिस्टगाऊ श्रेणी देऊन परीक्षणं लिहायचा. सत्तरच्या दशकाच्या त्याच्या संकलनात 'रायट'ला ए प्लस आहे, आणि ती श्रेणी तो हात आखडूनच द्यायचा. ग्रील मार्कसने १९७५ च्या पुस्तकात स्लायवर अख्खं प्रकरण लिहिलं आणि त्याचा कणा हाच अल्बम आहे. अल्बम आल्यापासून चार वर्षांत! मग दुर्लक्ष झालं कधी?

नाराज झालेले लोक होते, नाही असं नाही. 'डान्स टू द म्युझिक' आणि 'स्टँड!' ऐकून आलेल्या माणसाला हे काय भलतंच, असं वाटणारच. पण 'अन्याय झालेली कलाकृती' हा मुकुट याच्या डोक्यावर बसत नाही. तुम्हाला काय वाटतं?

चहाटळ

धागा वाचला, मग अल्बम लावला. तिसऱ्या गाण्याला डुलकी लागली. मी अलेटीच्या पूर्वार्धात आहे, उत्तरार्ध कधी सुरू होतो ते कळवा.

भुजंगप्रयात

मंद्र, मांडणी चांगली आहे पण एक पाय लंगडा आहे. पहिला क्रमांक मिळाला तो मागच्या पुण्याईवर. 'स्टँड!' मे १९६९ चा. त्यानंतर अडीच वर्षं नवा अल्बम नाही. कंपनीचा धीर सुटला आणि त्यांनी १९७० च्या अखेरीस 'ग्रेटेस्ट हिट्स' काढून वेळ मारून नेली. तो संग्रह तुफान खपला, दुसऱ्या क्रमांकापर्यंत गेला. एवढी भूक वाढवून ठेवल्यावर पुढचा अल्बम रिकामा असता तरी पहिल्या महिन्यात खपला असता. विक्री हा पसंतीचा पुरावा नव्हे, उत्सुकतेचा आहे.

आणि दुसरं. यातल्या अर्ध्या कौतुकाचा मला राग येतो. माणूस नशेत बुडाला होता. १९७० साली ठरलेल्या ८० पैकी २६ कार्यक्रमांना बँड पोचलाच नाही. लोक तिकीट काढून बसलेत आणि साहेबांचा पत्ता नाही. यातून निघालेल्या ढिलाईला 'धाडसी ध्वनिसौंदर्य' म्हणणं ही समीक्षकांची जुनी खोड आहे. दारू पिऊन कविता लिहिणाऱ्यांबद्दल आपल्याकडेही असंच चालतं.

मंद्र

भुजंगप्रयात, अल्बमच्या पहिल्या काही आठवड्यांपुरता तुमचा मुद्दा मान्य करता येईल. पण 'फॅमिली अफेअर'चं काय? ते सिंगल अल्बमच्या आधी बाजारात आलं होतं. रेडिओवर वाजत होतं. गढूळपणा, सुस्ती, यंत्राचा कोरडा ठेका, सगळं त्यात भरलेलं आहे, उलट अल्बममधल्या इतर गाण्यांपेक्षा जास्तच. ते ऐकून लोक दुकानात गेले. फसवणूक कुठे झाली?

आणि कव्हर बघा. त्यावर बँडचं नाव नाही, अल्बमचं नाव नाही. अमेरिकेचा झेंडा, पण निळ्याच्या जागी काळा आणि ताऱ्यांच्या जागी सूर्य. स्लायचं म्हणणं असं की काळा म्हणजे रंगांचा अभाव, पांढरा म्हणजे सगळे रंग मिळून, आणि लाल म्हणजे रक्त, ते सगळ्यांचं सारखंच. तारे म्हणजे शोधाशोध आली, सूर्य तर समोरच असतो. कंपनीने मग घाबरून त्यावर 'यात फॅमिली अफेअर हे हिट गाणं आहे' अशी ओळ टाकली. म्हणजे विकायला पुढे केलं ते जुन्या नाचऱ्या बँडचं नाव नव्हे, नवं पेंगुळलेलं गाणं.

ओव्हरडब

गेली बरीच वर्षं अंधेरीत रेकॉर्डिस्ट आहे, म्हणून 'गढूळ' या विषयावर तोंड उघडतो.

टेपचं असं असतं: ती मशीनच्या हेडवरून जितक्या वेळा घासत जाते तितका तिच्यावरचा ऑक्साइड झडतो. आधी जातात त्या वरच्या फ्रिक्वेन्सी. हाय-हॅटची चकाकी, झांजेची शेपटी, गाणाऱ्याच्या 'स'ची धार. खालचा बेस मात्र टिकून राहतो. आता स्लाय काय करत होता? एकटाच बसून एकेक वाद्य भरायचं, पुसायचं, परत भरायचं. बँडमधले लोक एकत्र वाजवतच नव्हते. बँडचा बेसवाला लॅरी ग्रॅहम येणार, आपला बेस भरून जाणार, तो राहील की पुसला जाईल याचा भरवसा नाही. बराचसा बेस स्लायनेच वाजवलाय. त्यात बॉबी वोमॅकची गिटार, बिली प्रेस्टनचा इलेक्ट्रिक पियानो. त्याशिवाय जागा कमी पडली की दोन-तीन ट्रॅक एकावर उतरवायचे. प्रत्येक उतरवणीला सुरसुर वाढते. असं महिनोन्‌महिने. हेडफोन लावून 'जस्ट लाइक अ बेबी' ऐका, सुरुवातीलाच मागे टेपची सुरसुर ऐकू येईल. आमच्याकडे कुणी असा मास्टर आणला असता तर निर्मात्याने बोंब मारली असती.

तर हे मुद्दाम केलं का? टेप झिजवणं मुद्दाम नव्हतं असं मला वाटतं. पण हा माणूस नवखा नव्हता हो. बँडच्या आधी तो ऑटम रेकॉर्ड्समध्ये इतरांची गाणी रेकॉर्ड करत होता, ब्यू ब्रमल्स या बँडची गाणी त्यानेच केलेली. 'स्टँड!' ऐका, काचेसारखा लख्ख अल्बम आहे. स्वच्छ आवाज कसा काढतात हे त्याला पाठ होतं. पैसा होता, कंपनी पायाशी होती. पुन्हा नव्या टेपवर सगळं भरता आलं असतं. त्याने हा मिक्स ऐकला आणि पास केला. ढिलाई आणि निवड यांत फरक काय, तर ऐकून झाल्यावर 'असू दे' कोण म्हणालं. इथे प्रोड्यूसर म्हणाला.

भुजंगप्रयात

ओव्हरडब साहेब, 'असू दे' म्हणणारा शुद्धीवर होता का, हा माझा प्रश्न आहे.

ओव्हरडब

आमच्या धंद्यात हा प्रश्न विचारायला लागलो तर निम्मी रेकॉर्डं रद्द करावी लागतील.

दिडकी

वाचतोय. तबला वाजवतो, फंक फारसं ऐकत नाही, पण या अल्बममधल्या ठेक्याने मला पकडलं. ते यंत्र कुठलं?

मंद्र

दिडकी, ते माएस्ट्रो कंपनीचं ऱ्हिदम किंग, एमआरके-२. ऑर्गन वाजवणाऱ्याला घरी किंवा हॉटेलात साथ म्हणून विकायचे. बटण दाबा: बोसा नोव्हा, बटण दाबा: रॉक, वॉल्ट्झ. ड्रमर ग्रेग एरिको १९७१ मध्ये बँड सोडून गेला, आणि तो जायच्या आधीपासूनच स्लाय या पेटीच्या प्रेमात पडला होता. काही ठिकाणी तिच्यावर खरे ड्रम्सही चढवले आहेत. 'फॅमिली अफेअर' हे ड्रम मशीनवर उभं राहून पहिल्या क्रमांकावर पोचलेल्या अगदी पहिल्या गाण्यांपैकी आहे. आज ज्या संगीतात ड्रमर नसतोच, त्याचं मूळ शोधत गेलात तर वाटेत ही पेटी लागते.

दिडकी

आता उलगडा झाला. तालमाला, म्हणजे तबल्याचा ठेका देणारं यंत्र, लावून रियाज केलेल्या माणसाला हे चटकन कळेल. तालमाला तुमच्याकडे बघत नाही. तुम्ही समेवर उशिरा आलात तर ती थांबत नाही, लवकर आलात तर हसत नाही. माणूस साथीला असला की तो डोळ्याने सावरून घेतो, तुम्ही ओढलंत की तोही थोडा ओढतो. यंत्रासमोर तुमचा प्रत्येक तिरपेपणा उघडा पडतो.

'रायट'मध्ये नेमकं तेच ऐकू येतं. पेटी टक-टक-टक सरळ चाललीय, आणि गिटार, बेस, पियानो तिच्या मागेपुढे लोळतायत. 'आफ्रिका टॉक्स टू यू' जवळजवळ नऊ मिनिटं आहे, त्यात बेस किती वेळा ठोक्याच्या किंचित मागे पडतो ते बघा. खरा ड्रमर असता तर तोही मागे आला असता आणि सगळं एकत्र सुस्त झालं असतं. इथे यंत्र सुस्त होत नाही, म्हणून माणसांची सुस्ती मोजता येते. चहाटळना झोप येते त्याचं कारण हेच असावं.

मला हे ढिलाईचं वाटत नाही. ठोक्याच्या इतकं मागे राहून पडायचं नाही, याला तयारी लागते.

चहाटळ

माझ्या झोपेचं शास्त्रीय विश्लेषण केल्याबद्दल आभार. पण एक विचारू? 'स्पेस्ड काउबॉय'मध्ये तो मध्येच यॉडलिंग काय करतो? मी दचकून जागा झालो. यॉडलिंग म्हटलं की आपल्याला किशोरकुमार. हा माणूस पार खचलेला होता ना? खचलेला माणूस यॉडल करतो?

मंद्र

चहाटळ, तुमच्या या थट्टेत धाग्यातला सगळ्यात कामाचा प्रश्न आहे. समीक्षकांनी या अल्बमचं साठच्या दशकाचं शोकगीत करून टाकलं. शोकगीत म्हटलं की मग त्यातला विनोद ऐकायचा नाही. 'स्पेस्ड काउबॉय' ही उघड टवाळी आहे. 'रनिन अवे' तर शिटी वाजवत जावं अशी चाल, वर सिंथिया रॉबिन्सनचा गोड ट्रम्पेट, आणि शब्दांमध्ये चक्क हाहा-हीही. पळून जाणाऱ्याची टर उडवलीय, आणि पळून जाणारा बहुधा स्वतःच. मार्कसने या अल्बमला बंदुकीच्या चापावर बोट ठेवून वाजणारं लिफ्टमधलं संगीत अशा अर्थाचं काहीतरी म्हटलंय. वाक्य झकास आहे, पण त्यात चापच लक्षात राहतो. लिफ्टमधल्या संगीताचा तो हलका, जरा आचरट गोडवाही तिथे आहे, त्याबद्दल कुणी लिहीत नाही.

सोनकी

फ्रीमॉन्टहून. इथून व्हॅलेहो तासाभरावर, जिथे सिल्व्हेस्टर स्टुअर्ट, म्हणजे स्लाय, वाढला. चर्चमध्ये भावंडांबरोबर गाणारा मुलगा, पुढे केसोल रेडिओवरचा डीजे. काळ्या श्रोत्यांच्या स्टेशनवर बीटल्स आणि डिलन लावायचा. ही भट्टी लक्षात घेतली तर बँडमध्ये गोरा ड्रमर, गोरा सॅक्सोफोनवाला, बाई ट्रम्पेटवर हे का, ते कळतं. सिंथियाच्या हातात ट्रम्पेट होता आणि तो शोभेला नव्हता. तेव्हाच्या बँडमध्ये बाई म्हणजे मागे उभं राहून 'ऊऽ ऊऽ' करणारी.

मंद्र, शोकगीताबद्दल तुम्ही लिहिलंत ते पटलं, पण मी आणखी पुढे जाईन. गोऱ्या समीक्षकांना काळ्या कलावंताचं खाजगी कोसळणं हे 'अमेरिकेचं कोसळणं' म्हणून वाचायला फार आवडतं. माणूस आजारी आहे, देश आजारी आहे, छान यमक जुळलं. त्याच वर्षी मे महिन्यात गायक मार्विन गेचा 'व्हॉट्स गोइंग ऑन' हा अल्बम आला होता. 'रायट'चं नाव त्याला उत्तर म्हणून ठेवलं, आधी ते 'आफ्रिका टॉक्स टू यू' असणार होतं, असं सांगतात. झालं, मग तर प्रश्नोत्तरच तयार. पण अल्बमचं सगळ्यात गाजलेलं गाणं, 'फॅमिली अफेअर', कशाबद्दल आहे? एका आईची दोन मुलं, एक शिकणारं, एक जाळून टाकावंसं वाटणारं, आणि आईला दोन्ही सारखीच. नवं लग्न झालेलं जोडपं, वर्ष झालं तरी एकमेकांना जोखतायत. घर सोडता येत नाही आणि राहवतही नाही. हे कुठल्या दशकाचं शोकगीत? हे कुणाच्याही घरातलं भांडण आहे.

आणि एक गोष्ट या चर्चांत नेहमी सुटते. त्या बंगल्यात स्लाय ओळखीच्या-अनोळखी बायकांना बोलवून त्यांचा आवाज टेपवर घ्यायचा आणि नंतर पुसून टाकायचा, असं अनेकांनी सांगितलंय. ओव्हरडब म्हणतात ती झीज होण्यात त्याही आवाजांचा वाटा. त्या बायकांची नावं कुठल्या कव्हरवर नाहीत. पण 'फॅमिली अफेअर' कुणालाही गुणगुणायला सांगा, तो स्लायची ओळ गुणगुणत नाही. त्याच्या बहिणीची, रोझची ओळ गुणगुणतो. गाणं तिच्या आवाजाने उघडतं. तो जाडसर, घोगरा आवाज पुटपुटत असतो आणि ही वर स्वच्छ, सरळ. ती नसती तर ते गाणं पहिल्या क्रमांकावर गेलं नसतं, असं माझं ठाम मत. किती परीक्षणांत रोझवर दोन ओळी सापडतात?

ओव्हरडब

सोनकीताई, +१. तांत्रिक पुरवणी: त्या गाण्यात वरच्या पट्टीत ऐकू येणारं ठळक असं काही असेल तर रोझचा आवाज. बाकी सगळं खाली साचलंय. म्हणून एवढ्याशा ट्रान्झिस्टरवरही गाणं ओळखू यायचं.

रानवारा

अवांतर आहे, पण राहवत नाही. ब्लॅक पँथर पक्षातल्या काहींनी स्लायवर गोऱ्या वादकांना काढून टाक असा दबाव आणला होता, असं सगळीकडे येतं. त्याच पँथरांचं नाव घेऊन १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली. नामदेव ढसाळ, राजा ढाले, ज. वि. पवार ज्या महिन्यांत जमवाजमव करत होते, त्याच्या थोडंच आधी 'फॅमिली अफेअर' तिकडे वाजत होतं. दोन्हींचा एकमेकांशी थेट संबंध नाही, नुसतं साल बघून गंमत वाटली.

प्रश्न: शीर्षकगीताचं काय? माझ्याकडच्या यादीत ते आहे पण वाजत नाही.

मंद्र

रानवारा, वाजणारच नाही. पहिल्या बाजूच्या शेवटी शीर्षकगीत छापलेलं आहे आणि त्याची लांबी शून्य मिनिटं शून्य सेकंद. सीडीवर आणि स्ट्रीमिंगवर काहीच नसणं चालत नाही म्हणून तिथे काही सेकंदांची शांतता ठेवलीय.

यावर वर्षानुवर्षं तर्क लढवले गेले. २७ जुलै १९७० रोजी शिकागोच्या ग्रँट पार्कमध्ये बँडचा मोफत कार्यक्रम होता. बँड मंचावर यायच्या आधीच जमावाचा भडका उडाला, पोलिसांशी मारामारी झाली, खापर बँडवर फुटलं. शून्य सेकंदांचं गाणं म्हणजे त्या दंगलीवरचं मौन, असं लोक सांगायचे. बऱ्याच वर्षांनी स्लायला विचारलं तेव्हा त्याचं उत्तर साधं होतं: दंगली होऊच नयेत असं वाटत होतं, म्हणून शून्य. समीक्षकांचे पानभर तर्क एका ओळीत निकालात.

भुजंगप्रयात

ते उत्तर मला आवडलं, हे नोंदवून ठेवतो. अल्बम अजून नाही.

एक सांगा. याची कीर्ती नंतर वाढलीच ना? रोलिंग स्टोनच्या पाचशे सर्वोत्तम अल्बमांच्या यादीत २००३ साली हा ९९ वा होता, २०२० मध्ये ८२ वा. वर सरकतोय. मग 'काळाने न्याय दिला' यात चूक काय?

मंद्र

सतरा घरं वर सरकणं म्हणजे पुनर्वसन नव्हे. शंभरात आधीपासून होताच.

खरोखर धुडकावलेला अल्बम बघायचा असेल तर जाझवाल्या माइल्स डेव्हिसचा १९७२ चा 'ऑन द कॉर्नर' घ्या. माइल्स तेव्हा स्लायच्या संगीताने भारला होता, त्या बंगल्यावरही त्याचं येणंजाणं होतं म्हणतात. त्याने तोच चिकट, न हलणारा ठेका उचलला आणि त्यात बादल रॉयचा तबला आणि सतार घातली. जाझच्या समीक्षकांनी त्याला अक्षरशः झोडपलं, आणि तरुण काळा श्रोता मिळेल ही आशा होती तोही फिरकला नाही. विक्री नाही, कौतुक नाही. मग कित्येक वर्षांनी हिप-हॉपच्या आणि इलेक्ट्रॉनिक संगीताच्या लोकांनी तो उकरून काढला. 'काळाने न्याय दिला' ही कथा त्याची. ती 'रायट'ला चिकटवली की 'रायट'बद्दलची जास्त विचित्र गोष्ट झाकली जाते. ती अशी की असला अल्बम देशाने पहिल्याच महिन्यात डोक्यावर घेतला. १९७१ च्या डिसेंबरात अमेरिकेतला सामान्य माणूस असं काय जगत होता की त्याला हे परकं वाटलं नाही? त्यावर लिहायला हवं.

दिडकी

'ऑन द कॉर्नर' लगेच लावला. तबला मिक्समध्ये कुठेतरी गाडलाय, पण आहे. धन्यवाद, आता हा वेगळा धागा काढा.

सोनकी

मंद्र, तुमच्या शेवटच्या प्रश्नाला माझ्याकडे पूर्ण उत्तर नाही, पण शेवटच्या गाण्यात एक धागा सापडतो. 'थँक यू फॉर टॉकिंग टू मी आफ्रिका' हे नवं गाणं नाहीच. १९६९ च्या अखेरीस आलेलं, १९७० मध्ये पहिल्या क्रमांकावर गेलेलं त्यांचं 'थँक यू' हे सिंगल, तेच परत. मूळ गाण्यात लॅरी ग्रॅहम अंगठ्याने तार ठोकतो आणि बोटाने खेचतो, सगळा बँड उड्या मारतो. लॅरी लहानपणी आईबरोबर वाजवायचा, ड्रमर नसायचा, म्हणून ड्रमचं काम अंगठ्याने करायला शिकला. पुढे तीच जगभरच्या बेसवाल्यांची तऱ्हा झाली.

अल्बममध्ये तेच शब्द, पण गती पुष्कळ मंदावलेली, सात मिनिटं. शब्द काय आहेत? सैतान समोर उभा, त्याच्या हातात बंदूक, बोटं थरथरतायत, मी पळतोय, झटापट होते. हे शब्द दोन वर्षं लोक नाचत म्हणत होते! नाचाच्या गतीत बंदूक कुणाला ऐकूच आली नव्हती. पुढच्या एका कडव्यात तर तो बँडच्या जुन्या हिट गाण्यांची नावं एकामागून एक घेतो, आणि या गतीत ती नावं हजेरी घेतल्यागत लागतात. कडव्यांचे शब्द तेच ठेवून गाणं उलटं केलं. लोकांना ते परकं का वाटलं नाही? कारण ते त्यांचंच पाठ असलेलं गाणं होतं.

भुजंगप्रयात

हे तपासून पाहिलं. दोन्ही गाणी लागोपाठ लावली. बंदुकीची गोष्ट खरी आहे, मूळ गाण्यात माझं कधी लक्षच गेलं नव्हतं, आणि ते मी कॉलेजात असताना दहा-दहा वेळा लावायचो. तरी माझा आक्षेप मागे घेत नाही: ज्या बँडने ते मूळ गाणं एकत्र वाजवलं तो बँड या अल्बमपायी फुटला. एरिको गेला, १९७२ मध्ये लॅरी गेला. अल्बम थोर असेल. पण किंमत दुसऱ्यांनी मोजली, आणि परीक्षणात त्याचा हिशेब नसतो.

ओव्हरडब

हिशेब मांडायचा तर लॅरीच्या खात्यात नंतर ग्रॅहम सेंट्रल स्टेशन जमा आहे. तो काही रस्त्यावर आला नाही.

चहाटळ

मी पुन्हा लावला. या वेळी दिडकीच्या सांगण्याप्रमाणे पेटीकडे लक्ष ठेवून. 'पोएट'पर्यंत जागा होतो, 'फॅमिली अफेअर' दोनदा ऐकलं, शेजारच्यांनी भिंतीवर ठोकलं. 'टाइम'ला परत डोळे मिटले. प्रगती आहे.

नवशिक्याने पुढे काय ऐकावं?

मंद्र

'फ्रेश', १९७३. तीच पेटी, पण वर अँडी न्यूमार्कचे खरे ड्रम्स, आणि आवाज पुष्कळ धुतलेला. 'रायट' आधी पचला नाही तरी 'फ्रेश' पचतो. मग २००० चा, डी'अँजेलो या गायकाचा 'वूडू' लावा. तो गढूळपणा, ते ठोक्यामागे लोळणं जाणूनबुजून केलं की कसं लागतं ते त्यात कळेल, आणि ओव्हरडब विरुद्ध भुजंगप्रयात या खटल्यात तो पुरावा म्हणून दाखल करता येईल.

ओव्हरडब

त्यात एक अडचण आहे. 'वूडू'वाल्यांनी तो आवाज चांगल्या स्टुडिओत, टेप न झिजवता, ठरवून काढला. म्हणजे त्यांना 'रायट'चा आवाज हवासा वाटला होता. तो आधी कुणाला तरी अपघाताने सापडायला लागतोच. 'रायट'चं २००७ चं रीमास्टर, म्हणजे जुन्या टेपवरून नव्याने काढलेली आवृत्ती, ऐकलं असेल तर सांगा, त्यात हाय-हॅट जरा वर आलाय की माझे कान फसतायत?

भुजंगप्रयात

कान फसतायत. टेपवरून जे झडलं ते रीमास्टरला कुठून मिळणार? हा तुमचाच मुद्दा आहे, वर वाचा.